तुमचं हसणं पुसायचं राहिलंय

दिनूकाका, सोमवारपासून मी तुमचं हसणं पुसायला बसतेय आणि रोज काहीतरी निमित्त काढून उठतेय. परवा मला म्हणे डिशवॉशर लावायचा होता. त्याआधी चिरंजीवांचे बूट शोधायचे होते, आणि ते त्याच्या पायातच होते. उद्या सिनेमा फेस्टिव्हलवाल्यांकडे जायला हवा. बाकी सगळा तयार आहे. शेवटच्या सीनमध्ये विनायककाका त्यांचं वाक्य बोलतात आणि लगेच कॅमेऱ्यामागून तुम्ही फिस्सकन हसता, तेवढं काढायचं राहिलंय. पाच मिनिटांचं काम. तुमचं हसणं काढण्यात माझा हात इतका बसलाय की डोळे मिटून करीन. पण एरवी तुम्ही मागच्या खुर्चीत बसून चहा मागत असायचात.

नीला म्हणते, राहू दे, प्लीज. तुमची मुलगी आहे ती, तिला नाही कसं म्हणू? आणि तुम्ही काय म्हणाला असतात ते मला पाठ आहे.

स्वतःचेच टेक हसून खराब करणारा दिग्दर्शक मी दुसरा पाहिला नाही. साउंडवाला कपाळाला हात लावायचा, नट खूश व्हायचे आणि तुम्ही रुमाल तोंडात कोंबून लांब जाऊन उभे राहायचात. बरं, एवढं करून टेक निवडायची वेळ आली की तुम्हाला नेमका तोच हवा. "बाई, ज्यात मी हसलो तो खरा टेक. बाकीच्यांत नट हसवायला बघताहेत." मग बाईंनी बसायचं तळघरात आणि तांदळातले खडे वेचावेत तसं तुमचं हसणं वेचायचं. मी किती वेळा म्हटलं, राहू द्या नं काका, कानाला गोड लागतं. लोकांनाही कळेल, करणाऱ्याला मजा येत होती. तुम्ही चष्मा काढून माझ्याकडे असं बघायचात की जसं काही मी चहात मीठ घातलंय.

"पाहुण्यांच्या आधी आपण पानावर बसतो का?" तुम्ही म्हणायचात. "मी आधी हसलो तर लोक माझं हसणं ऐकत बसतील. त्यांना हसा म्हणून सांगायचं नसतं."

यावरून आपण तीन हिवाळे भांडलो. नवरा वरून ओरडायचा, "यार, तुम्ही दोघं काम करताय की कोर्टात आहात?"

मुळात आपली ओळखही भांडणातूनच. मंडळाच्या गणपतीत मी मुलांच्या कार्यक्रमाचं शूटिंग केलं होतं आणि नीट एडिट करून सगळ्यांना लिंक पाठवली होती. आठवड्याने इंडियन ग्रोसरीच्या दुकानात, भेंडी निवडताना, पांढऱ्या केसांचा एक उंच म्हातारा माझ्यासमोर येऊन उभा. नाव नाही, गाव नाही. म्हणे, "ती पिवळ्या परकराची पोरगी वाक्य विसरली आणि प्रेक्षकांतल्या आईला विचारायला स्टेजवरून खाली उतरली. ते तू कापलंस. सबंध कार्यक्रमात तेवढंच बघण्यासारखं होतं." मी नागपूरची. मी म्हटलं, काहून नाही कापायचं, तुम्ही कोण मला सांगणारे? तुम्ही त्या 'काहून'चा अर्थ विचारलात आणि घरी जाऊन नीलाला सांगितलंत की मला एडिटर मिळाली.

तुमचं मराठी हाही एक नमुनाच होता. आठव्या वर्षी मिरजेहून आईचं बोट धरून लेस्टरला गेलात, तेव्हाचं मराठी तुम्ही तसंच्या तसं जपून ठेवलेलं. आम्ही इथे अमेरिकेत, श्रूजबरीत 'ड्राइव्ह करतो' नि 'कॅन्सल केलं' बोलतो, आणि तुम्ही आयुष्यभर इंग्रजीत काम केलेला माणूस 'अगोचर' म्हणायचात. शूटिंगमध्ये विनायककाकांना म्हणालात, "अहो, आयुष्यभर लोकांना भूल दिलीत, आता जरा जागं ठेवा त्यांना." भूलतज्ज्ञ माणूस, निवृत्त होऊन बागेत टोमॅटो लावत होते, त्यांना तुम्ही हीरो केलंत. त्यांच्या बायकोने तुम्हाला अजून माफ केलेलं नाही.

नीलाने मला इंग्लंडमधल्या वर्तमानपत्रातला तुमच्यावरचा मजकूर पाठवला. तुमचे सिनेमे आहेत त्यात, सालं आहेत, कोण कोण नट होते ते आहे. स्टुडिओत चहा नेऊन देण्यापासून सुरुवात केलीत, तेही आहे. 'ब्रिटिश विनोदी चित्रपटांचा एक विस्मृतीत गेलेला दिग्दर्शक' असं वर लिहिलंय. वाचून माझं डोकं फिरलं. विस्मृतीत कोणाच्या? आमच्या मंडळातल्या पोराटोरांना विचारा.

त्यात तुमच्या आईची गोष्ट नाही. अंत्यविधी करणाऱ्या कंपनीच्या वार्षिक सहलीवर तुम्ही सिनेमा काढला होतात, तो तिकडे धो धो चालला. तुम्ही आईला घेऊन गेलात. साडीवर ओव्हरकोट घातलेली तुमची आई, भोवती हसून लोळणारं थिएटर, आणि ती हात मांडीवर ठेवून दगडासारखी बसलेली. तुम्ही पडद्याकडे बघितलंच नाही, तिच्याकडे बघत राहिलात. परतताना बसमध्ये ती म्हणाली, "मेलेल्या माणसावर हसवतोस. तुझ्या बापाला जाऊन अजून वर्ष नाही झालं." मला सांगताना म्हणालात, "सगळ्यात मोठा हशा ज्याला होता ना, तो प्रसंग बाबांच्याच अंत्यविधीच्या वेळचा. जसा घडला तसा घेतला होता. मला दुसरं काही करताच आलं नाही गं. हे तिला कसं सांगणार?" आणि मग लगेच, "चहा ठेव." त्या दिवशी मी चहा ठेवायला वर गेले आणि स्वयंपाकघरात उभी राहून रडले. खाली आल्यावर मात्र तुम्हाला म्हटलं, तो पहिला सीन लांबलाय तुमचा.

पुढचे सिनेमे पडले. फोन वाजायचा थांबला. मग कित्येक वर्षं तुम्ही बिस्किटांच्या जाहिराती केल्यात. त्याबद्दल विचारलं की "बिस्किटं चांगली होती" यापलीकडे तुमच्या तोंडून शब्द निघायचा नाही. नीलाची आई, सुमनकाकू गेल्या, नीला तुम्हाला इकडे घेऊन आली, वरची खोली दिली, गरम पायमोजे दिले. सगळ्यांना वाटलं, झालं आता, काका टीव्ही बघतील. तुम्ही खिडकीतून बर्फ बघत बसलात आणि समोरचे दोन शेजारी एकमेकांच्या ड्राइव्हवेवर बर्फ ढकलताना दिसले, तिथे तुम्हाला सिनेमा दिसला. दोन निवृत्त मराठी डॉक्टर, शेजारी शेजारी घरं, बर्फावरून अबोला. बस, एवढीच गोष्ट. म्हणालात, हा माझा शेवटचा. मी म्हटलं, असं सगळेच म्हणतात.

अर्धवट झालेला सिनेमा मंडळात दाखवला ते आठवतं? लोक कुठे हसतात ते तुम्हाला बघायचं होतं, म्हणून पडद्याशेजारी लोकांकडे तोंड करून खुर्ची टाकून बसलात. आणि आमच्या सेक्रेटरीबाईंनी, तुमचा मान राखायचा म्हणून, आधी पुरणपोळीचं जेवण ठेवलेलं. आग्रहाचं, साजूक तुपाचं. दिवे मालवले आणि पंधरा मिनिटांत निम्मी मंडळी घोरत होती. जागे होते ते मोठ्या दिग्दर्शकासमोर दात कसे काढायचे म्हणून आवंढे गिळत होते. शेवटी एक आजोबा तुमचे दोन्ही हात धरून म्हणाले, "फार गंभीर विषय हाताळलात." गाडीत बसल्यावर मला वाटलं तुम्ही चिडलात. तर तुम्ही डॅशबोर्डवर डोकं टेकून इतके हसलात की मला रूट नाइनवर गाडी बाजूला घ्यावी लागली. तुमचं ते हसणं मी रेकॉर्ड केलेलं नाही. आता वाटतं, करायला हवं होतं. पण गाडीत कोण रेकॉर्ड करतं?

त्या मंगळवारी फोनवर आपण शेवटच्या सीनपाशी अडलो. पहाटे विनायककाका चोरून शेजाऱ्याच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ काढताहेत, शेजारी अचानक दार उघडतो. विनायककाका फावड्याकडे बघतात, मोकळ्या रस्त्याकडे बघतात आणि म्हणतात, "चुकून झालं. थांबा, परत टाकतो." आणि खरंच काढलेला बर्फ मुकाट्याने परत टाकायला लागतात. तिथे तुमचा बांध फुटला. मी म्हटलं, काका, शेवटचा सीन आहे, सिनेमा संपतोच आहे, हे एक तरी हसणं राहू द्या. नाही म्हणालात. मी आवाज चढवला, तुम्हीही चढवलात. मग खोकला आला तुम्हाला. म्हणालात, "भेटल्यावर भांडू. बर्फ थांबला की येतो." बर्फ थांबला. सकाळी नीलाचा फोन आला. तुम्ही स्वयंपाकघरात टेबलाशी बसलेले होतात, चहा समोर, आणि गेलेले होतात.

तुमच्या निरोपाच्या दिवशी काय झालं ते तुम्हाला सांगितल्याशिवाय मला चैन पडणार नाही. विनायककाका, काकू आणि मंडळातली आणखी तिघं एका गाडीतून निघाली, वुस्टरला. जीपीएसने त्यांना नेलं दुसऱ्याच फ्युनरल होमला. आत गेले तर सगळे गोरे. आता कोणालाही शंका आली असती. पण आपली मंडळी. त्यांनी ठरवलं की ही तुमची सिनेमातली माणसं, इंग्लंडहून आलेली. काकू म्हणाल्यासुद्धा, "बघा किती मोठी ओळख होती, आपल्याला कधी बोलले नाहीत." शेवटच्या रांगेत बसले. प्रार्थना झाली, उठून उभे राहिले, बसले, परत उठले. मग लोक एकेक करून पुढे जाऊ लागले, म्हणून हेही गेले. शवपेटीशी एक मुलगा उभा होता. विनायककाकांनी त्याचे हात हातात घेऊन, डोळ्यांत पाणी आणून, इंग्रजीत सांगितलं की तुमच्या माणसाने आम्हाला म्हातारपणी पोट धरून हसवलं, आम्ही विसरणार नाही. तो मुलगा त्यांच्या गळ्यात पडून ढसाढसा रडला. त्याच्या खांद्यावरून विनायककाकांनी आत पाहिलं, तर एक गोऱ्या आजीबाई, गळ्यात मोत्यांची माळ. आणि काका, ते मागे फिरले नाहीत. त्यांनी आजींना वाकून नमस्कार केला, मागच्या चौघांनीही केला, तिथल्या वहीत सह्या केल्या आणि मग बाहेर येऊन गाडीकडे पळाले.

आमच्याकडे पोचले तेव्हा सगळं आटपत आलं होतं. नीला भिंतीला टेकून उभी होती. विनायककाकांनी धापा टाकत तिला हे सांगितलं, माफी मागण्यासाठी सांगितलं बिचाऱ्यांनी. नीलाच्या तोंडून एकदम हसू फुटलं. मग मी, मग सगळेच. त्या तसल्या खोलीत, तुम्ही तिथे निजलेले असताना. आणि हसता हसता सगळ्यांना एकाच वेळी कळलं की एक आवाज कमी आहे. सगळ्यात आधी जो यायचा तोच. नीला खाली बसली आणि तिला उठवेना.

त्यानंतर तिचा फोन. "वर्षा, आय हॅव हंड्रेड्स ऑफ फोटोज. मुलाखती आहेत, पण बाबा सगळ्यात ग्रम्पी. देअर इज नो व्हिडिओ ऑफ हिम लाफिंग. फक्त तुझ्याकडे आहे. लीव्ह इट इन. शेवटी तरी राहू दे नं."

मी हो म्हटलं. म्हणणारच. तीन वर्षं मी दुसरं काय म्हणत होते? जिंकले की मी. तुमच्याशी घातलेल्या वादात पहिल्यांदा जिंकले, आणि फोन ठेवून तळघरात आले तर तुमची खुर्ची रिकामी. हे काय जिंकणं झालं? तुम्ही चष्मा काढला नाहीत, मला शहाणी म्हणाला नाहीत. असं गप्प बसून हरू नका हो काका. मला नाही सहन होत.

काल दुपारी मी दोघांना बोलावलं, नीलाला आणि विनायककाकांना. जुन्या सोफ्यावर बसवलं. आधी जेवायला घातलं नाही, काळजी करू नका. शेवटची पंधरा मिनिटं लावली, तुमच्या हसण्यासकट. दोघंही छान बघत होते. विनायककाका स्वतःलाच बघून खुदखुदत होते. फावडं आलं, दार उघडलं, "थांबा, परत टाकतो." आणि तुम्ही हसलात.

विनायककाकांनी दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. नीला पडद्याकडे बघतच नव्हती, ती स्पीकरकडे बघत होती, आणि गालांवरून पाणी वाहत होतं. पडद्यावर एक म्हातारा काढलेला बर्फ परत टाकतोय, सबंध सिनेमातली सगळ्यात गमतीची जागा, ज्यासाठी तुम्ही तीन हिवाळे घातलेत, आणि समोरची दोन्ही माणसं रडताहेत. त्या म्हाताऱ्याकडे कोणी बघेना. माझंही लक्ष नव्हतं हो. मीही तुम्हालाच ऐकत होते.

सिनेमा संपला. मग नीला नाक पुसत म्हणाली, "ही वुड बी सो ॲंग्री. पूस ते."

"अगं, पण तूच..."

"आय नो. मला वेगळं दे, माझ्या फोनवर. सिनेमातलं काढ. नाहीतर ज्यांनी बाबांना पाहिलंय ते कोणी हसणारच नाही इथे."

विनायककाका कोट घालताना हळूच म्हणाले, "त्याच्या सिनेमात लोक रडले तर तो वरून खाली येईल." दारापाशी थांबून त्यांनी तुमच्या खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला, आणि गेले.

तर काका, तुमचं म्हणणं बरोबर होतं. हे तुम्ही असताना कबूल करायची वेळ आली असती तर मी जीव गेला तरी केलं नसतं. तुमचा तो सहलीचा सिनेमा मी आठ वेळा पाहिलाय, हेही तुम्हाला कधी सांगितलं नाही. तुम्ही विचारलं नाहीत आणि आमच्याकडे तोंडावर कौतुक करायची रीत नाही. मला वाटायचं, माणसाला कळत असणार. तुम्हाला कळत होतं का?

आज सकाळी मुलगा शाळेत गेला, नवरा मीटिंगला बसला. मी खाली आले, दार लावलं आणि तुमचं हसणं उचलून नीलासाठी बाजूला ठेवलं. पण हसणं काढलं की तिथे आवाजात भोक पडतं. नुसता आवाज बंद केला तर कानाला खड्डा लागतो. म्हणून शूटिंगच्या जागी, काम संपल्यावर, सगळ्यांना अर्धा मिनिट जागच्या जागी उभं करून तिथली नुसती शांतता रेकॉर्ड करून ठेवतात, अशा जागी भरायला. त्या पहाटेचीही केली होती. साउंडवाल्याने हात वर केला आणि आम्ही सगळे होतो तिथे थांबलो. विनायककाका फावडं धरून, मी क्लिपबोर्ड छातीशी धरून, तुम्ही नीलाची गुलाबी टोपी घालून. तुमच्या आधीच्या हसण्याचा भर ओसरला नव्हता. तुम्ही माझ्याकडे बघेनात, मी तुमच्याकडे बघेना.

ती शांतता मी तुमच्या हसण्याच्या जागी लावली. हेडफोन घालून ऐकली. वळचणीचं पाणी ठिबकतंय, लांब रूट नाइनवरून एक ट्रक जातोय. बाकी काहीच ऐकू येत नाही. तुम्ही माझ्या डाव्या हाताला उभे आहात आणि श्वास रोखून हसू दाबताय.